गणवेशातला वार्ताहर: सुराबाया १९४५ आणि आठवणींचा भरवसा

टाचणवही (मूळ लेख)

दुसऱ्या महायुद्धातील मराठा पलटणींविषयी आपल्याकडे जे काही बोलले जाते ते बहुधा इटली आणि ब्रह्मदेश या दोन आघाड्यांवर येऊन थांबते. जपानने १५ ऑगस्ट १९४५ रोजी शरणागती पत्करल्यानंतर त्यांतील काही पलटणी जावा बेटावर उतरवल्या गेल्या आणि तिथे त्यांची गाठ जन्माला सत्तर दिवसही न झालेल्या एका प्रजासत्ताकाशी पडली, हा भाग आपल्या बोलण्यात क्वचितच येतो. सुकार्नो आणि हट्टा या पुढाऱ्यांनी १७ ऑगस्टला जाकार्तात इंडोनेशियाच्या स्वातंत्र्याची घोषणा केली होती. डच सरकारला आपली वसाहत परत हवी होती, पण पाठवायला सैन्य नव्हते. म्हणून जपान्यांची शस्त्रे काढून घेण्याची आणि छावण्यांतील डच कैद्यांना सोडवण्याची जबाबदारी ब्रिटिशांवर आली, आणि ब्रिटिशांनी ती मुख्यतः हिंदी सैनिकांच्या खांद्यावर टाकली. ब्रिगेडियर मॅलबी यांच्या हाताखालची ४९वी हिंदी ब्रिगेड २५ ऑक्टोबर १९४५ रोजी जावातील सुराबाया शहराच्या तान्जुंग पेराक बंदरात उतरली. तिच्यात मराठा लाइट इन्फन्ट्रीची सहावी पलटण होती.

या ब्रिगेडबरोबर एक हिंदी वार्ताहर होता. पी. आर. एस. मणी लष्कराच्या जनसंपर्क विभागात कॅप्टन होते आणि हिंदी सैनिकांच्या कामगिरीच्या बातम्या लिहिणे हे त्यांचे काम होते. पुढे त्यांनी लष्कर सोडले, मुंबईच्या ‘फ्री प्रेस जर्नल’चे वार्ताहर म्हणून ते इंडोनेशियात परतले आणि नंतर भारताच्या परराष्ट्र सेवेत गेले. या क्रांतीवरचे त्यांचे पुस्तक मद्रास विद्यापीठाने १९८६ साली प्रसिद्ध केले, म्हणजे सुराबायातल्या त्या दिवसांना तेव्हा चाळीस वर्षे उलटून गेली होती.

मणी ज्या दिवसांचे साक्षीदार होते त्यांची हकिगत थोडक्यात अशी आहे. २६ ऑक्टोबरला मॅलबी आणि स्थानिक पुढारी यांच्यात समझोता झाला की ब्रिटिश फक्त जपान्यांची शस्त्रे काढून घेतील आणि इंडोनेशियन लोकांची त्यांच्याकडेच राहतील. दुसऱ्याच दिवशी जाकार्ताहून आलेल्या डाकोटा विमानाने शहरावर पत्रके टाकली: अठ्ठेचाळीस तासांत शस्त्रे आणून द्या, ज्याच्याजवळ शस्त्र सापडेल त्याला गोळी घातली जाईल. पत्रकावर नाव होते मॅलबींचे वरिष्ठ जनरल हॉथॉर्न यांचे. मॅलबींना या पत्रकाची कल्पना नव्हती. तरीही वरिष्ठांचा हुकूम म्हणून त्यांनी अंमलबजावणीला सुरुवात केली. शहरभर लहान लहान तुकड्यांनी विखुरलेल्या हिंदी सैनिकांवर २८ तारखेला हजारो सशस्त्र लोक तुटून पडले. ब्रिगेड नामशेष होण्याच्या बेतात असताना सुकार्नोंना विमानाने सुराबायात आणावे लागले आणि त्यांच्या शब्दाखातर गोळीबार थांबला. तोवर दोनशेहून अधिक सैनिक मारले गेले होते.

३० ऑक्टोबरच्या संध्याकाळी लाल पुलाजवळच्या ‘इंटरनॅशिओ’ इमारतीसमोर, युद्धबंदीची घोषणा करत फिरत असताना मॅलबी मारले गेले. त्या इमारतीत अडकून पडलेली तुकडी सहाव्या मराठा पलटणीचीच होती. गोळीबार आतून सुरू झाला की बाहेरून, आणि मॅलबींना नेमके कोणी मारले, यावर आजही एकमत नाही. ब्रिटिश लष्कराने या प्रकाराला खून म्हटले. टॉम ड्रायबर्ग या मजूर पक्षाच्या खासदाराने, जो स्वतः वार्ताहरीतून राजकारणात आलेला होता, १९४६ मध्ये ब्रिटिश संसदेत त्या शब्दाबद्दल उघड शंका व्यक्त केली. त्या मृत्यूचा हिशेब मात्र १० नोव्हेंबरला चुकता केला गेला. पाचवी हिंदी डिव्हिजन, रणगाडे, युद्धनौकांच्या तोफा आणि विमाने यांनी तीन आठवडे सुराबाया भाजून काढले. इंडोनेशिया तो दिवस आजही वीरदिन म्हणून पाळतो.

मला चर्चेला घ्यायचा प्रश्न हा आहे. सैन्याच्या गणवेशात, सेन्सॉरच्या नजरेखाली लिहिणाऱ्या माणसाने चाळीस वर्षांनी, स्वतंत्र देशाचा निवृत्त अधिकारी म्हणून लिहिलेल्या आठवणी आपण कशा वाचाव्यात? माझे मत सुरुवातीलाच सांगतो. मणींनी लष्कर सोडून त्याच देशात एका राष्ट्रवादी वृत्तपत्राचे वार्ताहर म्हणून परत जाणे, ही घटना त्यांच्या नंतरच्या कुठल्याही वाक्यापेक्षा मला अधिक बोलकी वाटते. आठवण पुढे बदलू शकते. १९४६ सालची नोकरी बदलता येत नाही.

कोयनाकाठ

हा लेख वाचून मी बराच वेळ गप्प बसलो. आमचे आजोबा मराठा पलटणीत होते, आणि घरात सगळ्यांना पाठ असलेली गोष्ट म्हणजे ते ब्रह्मदेशात लढले. त्यांच्या पदकांत एक पदक असे आहे की ज्याच्या फितीवरच्या पट्टीवर ‘एस. ई. एशिया १९४५-४६’ अशी अक्षरे आहेत. ते ब्रह्मदेशाचेच असणार असे आम्ही धरून चाललो होतो. महायुद्ध तर १९४५ मध्येच संपले, मग हे ४६ कसले, असा प्रश्न इतक्या वर्षांत एकालाही पडला नाही. आता लक्षात येते की ती पट्टी जावा आणि आसपासच्या त्या नंतरच्या मोहिमांची आहे.

आजोबा त्या वर्षाबद्दल बोलत नसत. एकच गोष्ट ते सांगत, आणि तीही हसण्यावारी नेत. तिथली पोरे भिंतीआडून त्यांना ओरडून विचारायची, “मर्द का? मर्द का?” आजोबा म्हणायचे, “मराठ्याला कुणी असं विचारतं का? पण आमचा सुभेदार म्हणाला, उत्तर देऊ नका, खाली वाका.” आम्ही मुले यावर पोट धरून हसायचो. ही पोरे कुठली, हे आम्ही कधी विचारले नाही. परवा या विषयावर शोधाशोध करताना ‘मर्देका’ हा शब्द डोळ्यांसमोर आला आणि अंगावर काटा आला. ती पोरे त्यांना काहीच विचारत नव्हती. ती ‘स्वातंत्र्य’ म्हणून ओरडत होती.

शब्दवेल्हाळ

कोयनाकाठ, तुमच्या आजोबांचा कान अगदीच चुकला असे म्हणता येणार नाही, कारण तो शब्द मुळात आपल्याकडचाच आहे. मलय भाषेतील ‘मर्देका’ची व्युत्पत्ती संस्कृत ‘महर्द्धिक’ या शब्दापासून दिली जाते. महर्द्धिक म्हणजे मोठी ऋद्धी असलेला, संपन्न. जो संपन्न तो कोणाचा गुलाम नसतो, अशा वाटेने तो अर्थ ‘मुक्त’पर्यंत पोहोचला, आणि डच अमलात मुक्त झालेल्या गुलामांच्या वंशजांना ‘मार्डायकर’ म्हणत ते याच शब्दावरून. ‘मर्द’ हा आपला शब्द फारसीतून आलेला, त्यामुळे दोघांचे नाते काही नाही. अवांतराबद्दल क्षमस्व.

जुनाबंदर

टाचणवही यांनी सुराबायाची बाजू मांडली, मी मुंबईची मांडतो, कारण मणी ज्या वृत्तपत्रात गेले ते ज्या शहरात निघत होते त्या शहराची हवा कशी होती हे पाहिल्याशिवाय त्यांचा निर्णय नीट कळणार नाही. ज्या दिवशी ४९वी ब्रिगेड सुराबायात उतरली त्याच दिवशी, २५ ऑक्टोबर १९४५ रोजी, हिंदुस्थानात ‘आग्नेय आशिया दिन’ पाळला जात होता. हिंदी सैनिक दुसऱ्याच्या स्वातंत्र्याविरुद्ध वापरले जात असल्याबद्दल नेहरू जाहीरपणे संताप व्यक्त करत होते. जिना आणि मुस्लिम लीग यांचाही याला विरोध होता, आणि त्या काळात या दोघांचे ज्या गोष्टींवर एकमत होई त्यांची यादी फार लांब नव्हती. मुंबई आणि कलकत्त्याच्या गोदीतील कामगारांनी इंडोनेशियाकडे जाणाऱ्या बोटींवर माल चढवायला नकार दिला होता. १८ फेब्रुवारी १९४६ ला मुंबईतील ‘तलवार’ या नौदल तळावरून सुरू झालेल्या नाविकांच्या उठावात मागण्या मांडल्या गेल्या तेव्हा जेवणाच्या आणि पगाराच्या मागण्यांबरोबरच इंडोनेशियातून हिंदी सैन्य परत बोलवा ही मागणीही होती. आपण तो उठाव खराब अन्नापासून सुरू करतो आणि तिथेच थांबतो, म्हणून हे मुद्दाम लिहिले.

संपादक सदानंदांचे ‘फ्री प्रेस जर्नल’ हे अशा हवेतील वृत्तपत्र होते. सरकारच्या रोषामुळे जामिनाच्या रकमा भरणे आणि गमावणे हा त्यांच्या धंद्यातील नेहमीचा खर्च होता. (अवांतर: आर. के. लक्ष्मण आणि बाळासाहेब ठाकरे हे दोघे ज्या ‘फ्री प्रेस’मध्ये व्यंगचित्रकार म्हणून एकत्र होते तेच हे.) अशा वृत्तपत्राला इंडोनेशियात स्वतःचा माणूस असणे याला वेगळे महत्त्व होते. एरवी त्या युद्धाची बातमी इथल्या वाचकापर्यंत पाश्चात्त्य वृत्तसंस्थांच्या तारांमधून येई, आणि त्या बातमीत सुराबायाचे तरुण बहुधा ‘दंगलखोर’ किंवा ‘अतिरेकी’ असत.

रेघोट्या

चर्चा एका अंगाला कलते आहे असे मला वाटते, म्हणून थोडे विरोधात लिहितो. हिंदी सैनिक म्हणजे डचांच्या परतीसाठी वाट झाडणारे भाडोत्री, असे चित्र नकळत उभे राहत आहे. जावातील छावण्यांत तीन-साडेतीन वर्षे उपासमारीत काढलेल्या हजारो बायका आणि मुले होती, आणि जपानी पहारा उठल्यावर त्यांच्या जिवाला खराखुरा धोका होता. २८ ऑक्टोबरला सुराबायातील गुबेंग भागात अशाच बायका-मुलांना घेऊन निघालेल्या ट्रकांच्या ताफ्यावर हल्ला झाला, तेव्हा त्यांच्या रक्षणासाठी लढताना मेले ते हिंदी सैनिकच होते. २३ नोव्हेंबरला बेकासीजवळ उतरावे लागलेल्या विमानातील सैनिकांना आणि वैमानिकांना पकडून ठार मारण्यात आले. त्यानंतर ब्रिटिशांनी बेकासी गाव जाळले, तेही सांगितलेच पाहिजे, पण आधीचे वगळून सांगता येणार नाही.

माझा मुद्दा आठवणींबाबत आहे. १९८६ मध्ये लिहिणाऱ्याला हे ठाऊक असते की इंडोनेशिया स्वतंत्र झाला, भारत स्वतंत्र झाला, आशियाई-आफ्रिकी देशांची बांडुंगची परिषद झाली, आणि इतिहासाचा कौल कोणाच्या बाजूने लागला. ऑक्टोबर १९४५ मध्ये इमारतीत कोंडलेल्या माणसाला यातले काहीच ठाऊक नव्हते. त्याला फक्त एवढे दिसत होते की काल ज्यांच्याशी हस्तांदोलन झाले ते आज गोळ्या झाडत आहेत. निकाल माहीत असलेला माणूस जेव्हा आठवण लिहितो तेव्हा आपल्या मनात तेव्हाच किती सहानुभूती होती हे तो थोडे वाढवून सांगतो. यात खोटेपणा असतोच असे नाही, पण वाढ असते. म्हणून मी मणींच्या पुस्तकापेक्षा त्यांनी लष्करासाठी त्या आठवड्यात लिहिलेल्या मजकुरावर अधिक विसंबेन, मग तो सेन्सॉरने कापलेला का असेना.

टाचणवही

रेघोट्या, गुबेंगचा उल्लेख माझ्या लेखात असायला हवा होता. तो राहिला ही माझी चूक आहे. पण तुमच्या शेवटच्या वाक्याशी मी सहमत होऊ शकत नाही. जनसंपर्क विभागातील वार्ताहराचा त्या दिवसांचा मजकूर ताजा असतो हे खरे, पण त्याचा हेतू ठरलेला असतो: अमुक पलटणीच्या अमुक शिपायाने शौर्य गाजवले, हे त्याच्या गावच्या लोकांपर्यंत पोहोचवणे. शिपाई तिथे का होता हा प्रश्न त्या मजकुराच्या चौकटीतच बसत नाही. पत्रकांचेच उदाहरण घ्या. आपल्याच विमानाने आपल्याच ब्रिगेडियरचा शब्द मोडला, हे वाक्य नोव्हेंबर १९४५ मध्ये कोणत्या लष्करी सेन्सॉरने जाऊ दिले असते? ते लिहायला गणवेश उतरवावा लागतो, आणि बहुधा बरीच वर्षेही जावी लागतात. ताज्या मजकुरातून काय घडले ते घ्यावे आणि आठवणीतून तेव्हा काय लिहिता आले नाही ते घ्यावे, असे मी करतो. दोन्हीकडून एकच गोष्ट मागितली की निराशा पदरी येते.

आणि भिंतींचे काय? त्या वेळच्या छायाचित्रांत जावातील भिंतींवर आणि ट्रामगाड्यांवर इंग्रजीत लिहिलेल्या घोषणा दिसतात. त्या डचांसाठी नव्हत्या, त्यांना लिहायचे असते तर डच भाषेत लिहिले असते. त्या ब्रिटिश व हिंदी सैनिकांसाठी आणि परदेशी बातमीदारांसाठी होत्या. इंडोनेशियाचे पुढारी हिंदी सैनिकांना उद्देशून आवाहने काढत होते, आणि काही शे हिंदी सैनिक, त्यात बहुसंख्य मुसलमान, पलटणी सोडून प्रजासत्ताकाला जाऊन मिळाले. म्हणजे ‘आपण इथे का आहोत’ हा प्रश्न मणींना १९८६ मध्ये सुचला असे नाही. तो त्यांच्या डोळ्यांसमोर चुन्याने लिहिलेला होता.

पूर्वरंग

दुसऱ्या बाजूलाही एक वार्ताहरच होता, याकडे अजून कोणी लक्ष वेधलेले नाही. सुराबायाच्या लढ्याचा आवाज म्हणून ज्यांना ओळखले जाते ते सुतोमो, म्हणजेच बुंग तोमो, तेव्हा पंचवीस वर्षांचे होते आणि पत्रकारितेतून आलेले होते. जपानी अमलात ते दोमेई या जपानी वृत्तसंस्थेत काम करत होते. त्यांच्या नभोवाणीवरील भाषणांनी शहर पेटले. ती भाषणे ज्यांनी ऐकली त्यांना शब्दांपेक्षा त्यांचा चढत जाणारा सूर लक्षात राहिला असे दिसते. एकाच शहरात, एकाच आठवड्यात, एक वार्ताहर सैन्याचे कौतुक लिहिण्याच्या कामावर आणि दुसरा त्या सैन्याविरुद्ध लोकांना उठवण्याच्या कामावर. दोघांपैकी कोणीही आज आपण ज्याला तटस्थ बातमीदारी म्हणतो ती करत नव्हते, आणि वसाहतीच्या युद्धात ती करता येते का याबद्दल मला शंकाच आहे. माझ्या मते मणींची ‘फ्री प्रेस’मधील बातमीदारीही तटस्थ नव्हती. फरक इतकाच की आता बाजू त्यांनी स्वतः निवडलेली होती.

टाचणवही यांच्या लेखात एक गोष्ट थोडी सैल राहिली आहे. ब्रिटिशांनी जपान्यांची शस्त्रे काढून घेतली हे सर्वत्र खरे नाही. अनेक ठिकाणी शरण आलेल्या जपानी तुकड्यांनाच शस्त्रे ठेवू देऊन त्यांच्याकडून इंडोनेशियन लोकांविरुद्ध पहारे आणि लढाईची कामे करून घेतली गेली. ज्या जपान्यांशी इंफाळला लढलो त्यांच्याच शेजारी उभे राहून ज्यांच्याशी काही वैर नाही त्यांच्यावर बंदूक धरायची, ही वेळ ज्या हिंदी शिपायावर आली त्याने घरी गेल्यावर ब्रह्मदेशाचीच गोष्ट सांगितली तर नवल नाही.

उखळमुसळ

तांदळाची गोष्ट राहू नये. १९४६ मध्ये हिंदुस्थानात अन्नाचा तुटवडा होता, मुंबईत शिधावाटप चालू होते, आणि अशा वेळी इंडोनेशियाचे पंतप्रधान शहरीर यांनी हिंदुस्थानला पाच लाख टन तांदूळ देऊ केला. बदल्यात कापड आणि शेतीची अवजारे हवी होती. डच नाकेबंदीमुळे सगळा माल पोहोचला नाही. तरीही ज्याला जगात अजून कोणी सरकार मानत नव्हते त्याने दुसऱ्या देशाला अन्न देऊ करणे ही मोठी चतुराईची चाल होती, आणि ज्या मुंबईकराला सुराबाया नकाशावर दाखवता आले नसते त्यालाही जावाचा तांदूळ लगेच कळला असणार.

नवीपाटी

एक सूचना आहे. ‘नवशक्ती’ हे ‘फ्री प्रेस’च्याच घरचे मराठी दैनिक. १९४६-४७ मधील त्याचे अंक चाळले तर इंडोनेशियाच्या वार्तापत्रांचे मराठी अवतार सापडण्याची शक्यता आहे. दादरला मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालयात कोणाचे जाणे-येणे असेल तर पाहता येईल का? मला स्वतःला त्या काळच्या मराठी बातमीत ‘मर्देका’ कसे लिहिले होते याचीच उत्सुकता आहे.

रेघोट्या

पूर्वरंग यांचा मुद्दा मान्य. टाचणवहींचा अर्धा मान्य. भिंतीवर प्रश्न लिहिलेला होता हे खरे, पण तो वाचणाऱ्या प्रत्येकाने तो त्याच दिवशी स्वतःला विचारला असे त्यावरून सिद्ध होत नाही. नवीपाटी, पुढच्या आठवड्यात दादरला जाणार आहे, अंक उपलब्ध आहेत का ते विचारून इथे कळवतो.

कोयनाकाठ

काल रात्री पदक पुन्हा काढले. कडेवर आजोबांचा क्रमांक, नाव आणि ‘मराठा’ एवढे वाचता येते; पलटण कितवी ते त्यावर नाही. म्हणून ते सुराबायातच होते की जावात अन्यत्र, हे मी सांगू शकत नाही, आणि इथल्या चर्चेनंतर तसे ठोकून द्यायचे धाडसही होत नाही.

आत्याला फोन केला. ती आता पंच्याऐंशीच्या घरात आहे. जावा म्हटल्यावर तिला काही आठवले नाही. सुकार्नो हे नाव घेतल्यावर मात्र ती थांबली आणि म्हणाली, हे नाव मी ऐकले आहे. १९५० च्या पहिल्या प्रजासत्ताक दिनाला सुकार्नो दिल्लीत पाहुणे होते, हे आपल्याला माहीत आहे. तिला तेवढे माहीत नाही. तिला आठवते ते असे की चावडीत पेपर वाचून दाखवत असताना त्यात काळी टोपी घातलेल्या एका माणसाचे चित्र होते, आणि तिच्या वडिलांनी तो पेपर मास्तरांच्या हातातून घेतला. त्यांना वाचता येत नव्हते. ते बराच वेळ चित्र पाहत राहिले आणि म्हणाले, “ह्यो बाबा गाडीतनं हात हलवीत गेला, मग गोळ्या थांबल्या.”

रेघोट्या म्हणतील की नऊ वर्षांच्या मुलीची पंच्याहत्तर वर्षांपूर्वीची आठवण आहे, आणि त्यांचे म्हणणे बरोबरच आहे. मी आत्याला पुन्हा विचारले, नक्की गाडीच म्हणाले का? ती म्हणाली, “गाडीच. आणि पेपर त्यांनी परत दिलाच नाही, घडी करून खिशात ठेवला. मास्तर ओरडले.”